पूर्वेकडे निघालेली माणसं

३ डिसेंबर १९४०, जामखेड

अखेर दवाखान्याला डॉक्टर मिळाले. आधीचे लढाईवर गेल्यापासून आठ महिने मी नर्स आणि मुबारकबी आया, दोघींनीच रेटलं. बाळंतपणं माझ्या हातची आहेत, त्याचं काही नाही. पण मोडलेलं हाड समोर आलं की रोग्याला नगरला धाडावं लागायचं.

दुपारी नगरची सर्व्हिस मोटार आली. आधी हवालदार उतरला, मागून एक उंच, वाळलेले गोरे गृहस्थ. हातात डॉक्टरी बॅग, बुटात मोजे नाहीत. मुबारकबी माझ्या कानाशी म्हणाली, "बाई, डाक्टर कुटं हाय? ह्यो तर कैदी दिसतोय."

तिचं खरंच होतं. नाव डॉ. हाल्पर्न, गाव व्हिएन्ना. लढाई सुरू झाली तेव्हा ते मुंबईत नोकरीला होते. सरकारने शत्रूच्या मुलखातला माणूस म्हणून धरून नगरच्या छावणीत घातलं, आणि वर्षभराने चौकशी करून सोडलं. जामखेड सोडायचं नाही, दर सोमवारी फौजदाराकडे हजेरी द्यायची, अशी अट आहे.

तासाभरात गावभर झालं की जर्मन डॉक्टर आला. शाळेचे शामकांत मास्तर हार घेऊन आले आणि इंग्रजीत म्हणाले, "तुमच्या लोकांनी इंग्रजाला चांगलं चोपलंय. आमचंच काम करताय तुम्ही." डॉक्टरांनी हार हातात घेतला, टेबलावर ठेवला आणि हात धुवायला गेले.

माणूस घमेंडी दिसतो.

१९ डिसेंबर

औषधांच्या कपाटाची किल्ली न्यायला डॉक्टर आज घरी आले आणि उंबऱ्यातच थांबले. चौकटीवरच्या मेझुझाकडे, आमच्या धर्मवचनाच्या डबीकडे, बघत राहिले.

"या घरात आधी कोण राहत होतं?"

"आम्हीच. मी आणि माझ्या सासूबाई."

"हे कुणी लावलं?"

"माझ्या मालकांनी. रस्त्याच्या कामावर ओव्हरसियर होते. सहा वर्षं झाली त्यांना जाऊन. आम्ही बेने इस्राएल आहोत, यहुदी."

ते हसले. आल्यापासून पहिल्यांदाच. माझं नऊवारी लुगडं, माझा काळा रंग, चुलीवरचं वालाचं बिरडं, सगळ्यांवरून त्यांची नजर फिरली. "बाई, तुम्हाला कुणीतरी चुकीचं सांगितलंय."

मला इतका राग आला! मी तिथंच उभी राहून शेमा, आमची रोजची प्रार्थना, म्हटला. लहानपणी आईने शिकवला तसा, आमच्या कोकणातल्या उच्चारांनी. ते उंबऱ्यावर खाली बसले. म्हणाले, "माझी आजी म्हणायची. मला येत नाही."

मग मी सगळं सांगितलं. नवगावच्या किनाऱ्यावर जहाज फुटलं, सात जोडपी वाचली, तेलाचे घाणे घातले, शनिवारी घाणा बंद म्हणून लोक शनवार तेली म्हणू लागले. त्यांनी विचारलं, "आणि यासाठी तुम्हाला कधी कुणी मारलं नाही? घरं जाळली नाहीत?"

मी ते आत्याबाईंना मराठीत सांगितलं. सासूबाईंना मी आत्याबाई म्हणते. त्या म्हणाल्या, "का बरं मारतील? शनवारी तेल मिळालं नाही म्हणून?"

ते ऐकून डॉक्टर पुन्हा हसले आणि हसताहसता त्यांनी तोंडावर हात घेतले. ते स्वतः यहुदी आहेत. नगरच्या छावणीत त्यांना ज्या बराकीत ठेवलं तिथंच रोज हिटलरच्या नावानं हात वर करणारी माणसं होती. "इंग्रजांच्या लेखी मी जर्मन," ते म्हणाले. "जर्मनांच्या लेखी मी माणूसच नाही. आणि तुमच्या मास्तरांच्या लेखी मी हिटलरचा पाहुणा."

वर मी त्यांना घमेंडी लिहिलं आहे. खोडत नाही, राहू दे. माझी मला लाज वाटायला उपयोगी पडेल.

१४ एप्रिल १९४१

सणाचे दोन दिवस लिहायचं नसतं म्हणून आज लिहिते. पेसाहच्या जेवणाला डॉक्टर आले. बिनखमिराच्या तांदळाच्या भाकऱ्या मी थापल्या. ते मांडी घालून बसले खरे, पण गुडघे कानाशी!

घरातल्या सगळ्यांत लहानाने विचारायचं असतं, आजची रात्र वेगळी का. आमच्यात लहान मीच. सदतीस वर्षांची घोडी मी, आणि मीच ते प्रश्न विचारले. डॉक्टरांनी खिशातून फोटो काढून ताटाशेजारी ठेवला. त्यांची बायको ग्रेटा आणि मुलगी लिली. लिली आता सात वर्षांची आहे. डॉक्टर पुढे आले, घर लावून दोघींना बोलावणार होते, तिकिटंसुद्धा काढलेली होती आणि लढाई लागली.

"पुढल्या वर्षी प्रश्न लिली विचारील," आत्याबाई म्हणाल्या.

डॉक्टरांना आता बरंच मराठी समजतं. ते बोलतात ते मात्र रोग्यांकडून शिकलेलं. म्हणाले, "लई बोलतीय ती. एकदा सुरू झाली की थांबत न्हाई."

२ ऑक्टोबर

ग्रेटाबाई आणि लिलीला इथं आणण्याच्या अर्जाचं कलेक्टर कचेरीतून उत्तर आलं. लढाई चालू असेतो शत्रूच्या मुलखातून कुणालाही येऊ देता येत नाही. चार ओळी. अर्ज लिहायला आम्हाला चार महिने लागले होते. डॉक्टरांनी कागद घडी करून ठेवला आणि म्हणाले, "पुढचा अर्ज कुणाला करायचा?"

मी म्हटलं, दिल्लीला.

१० ऑगस्ट १९४२

काल मुंबईत पुढाऱ्यांना धरलं. आज बाजार बंद होता, शाळेतली मोठी मुलं आणि शामकांत मास्तर मिरवणूक घेऊन दवाखान्यावरून गेले. कुणीतरी ओरडलं, "जर्मन डॉक्टर की जय!" सगळ्यांनी उचलून धरलं. डॉक्टर त्या वेळी एका बाईचं गळू कापत होते. सुरी खाली ठेवली, खिडकी लावली, पुन्हा सुरी घेतली.

संध्याकाळी मास्तरांना पकडून नेलं. डॉक्टर त्यांच्या बायकोकडे, दमयंतीबाईंकडे, जाऊन आले. तिचे दिवस भरत आलेत. "तिला सांगितलंय, मी आहे," मला म्हणाले. मी विचारलं, राग नाही आला? "त्याला ठाऊक नाही तो काय बोलतो. ज्यांना ठाऊक होतं त्यांच्यातून मी आलोय."

१७ नोव्हेंबर

हे लिहू की नको, दोन दिवस विचार करते आहे. वही माझी आहे, दुसरं कोण वाचणार?

संध्याकाळी दवाखाना आटोपला की डॉक्टर आमच्या ओसरीवर येऊन बसतात. आत्याबाई वाल सोलतात, ते मराठी वाचायचा सराव करतात, मी चुका काढते. परवा त्यांच्या सदऱ्याचं बटण लावून देत होते आणि मनात आलं, त्या दोघी आल्या की ही बैठक मोडेल. एवढंच आलं. पण आलं. मग उगाच सुईच बोटात घुसवून घेतली.

देवा, त्यांना सुखरूप आण. मी खोलीला चुना लावून घेईन.

९ फेब्रुवारी १९४३

आज आनंदाचा दिवस! रेडक्रॉसकडून निरोप आला. ग्रेटाबाईंच्या हातचा, पंचवीस शब्दांचा, गेल्या मे महिन्यात लिहिलेला. येईपर्यंत नऊ महिने लागले. डॉक्टरांनी मला इंग्रजीत सांगितला, तो असा: आम्ही पूर्वेकडे प्रवासाला निघतो आहोत. लिली बरी आहे, पुढचा दात पडला. जुन्या पत्त्यावर लिहू नकोस. धीर धर. ग्रेटा.

पूर्वेकडे! म्हणजे आपल्या बाजूला. मी शाळेचा नकाशा मागवून घेतला आणि आत्याबाईंना बोट ठेवून दाखवलं. हे व्हिएन्ना, हा पूर्व दिशेचा मुलूख, मग तुर्कस्तान, इराक, आणि समुद्र ओलांडला की मुंबई. आत्याबाईंचा भाऊ बसऱ्याला पलटणीत होता, त्यांना ती वाट ऐकून माहीत. "बसऱ्यापर्यंत पोचल्या की आपल्याच झाल्या," त्या म्हणाल्या.

मी एलियाहू हन्नाबीला, आमच्या प्रेषिताला, नवस बोलले होते, खबर आली की मलिदा करीन. लगेच पोहे भिजवले, गूळ-खोबरं घातलं, वरती केळी आणि खजूर. मुबारकबीनं अर्ध्या गावाला वाटलं. मास्तरांची दमयंती बाळाला कडेवर घेऊन आली.

डॉक्टरांनी मलिदा खाल्ला. दोनदा मागून घेतला. आनंदानं बोलायला सुचत नव्हतं बहुतेक. आमच्याकडे बघत बसले होते.

१६ फेब्रुवारी

डॉक्टरांची तब्येत बरी नाही. ताप नाही, पण जेवत नाहीत. मुंबईहून येणारं इंग्रजी वर्तमानपत्र ते रोज वाचायचे, ते बंद करायला सांगितलं. जुने अंक बांधून माळ्यावर टाकलेत. मी म्हटलं, वाट बघताना असंच होतं, आता थोडेच दिवस राहिले. "होय," म्हणाले.

३ मार्च

आज त्यांनी आत्याबाईंना एक विचित्र प्रश्न विचारला. माणूस गेलेला असेल आणि गेल्याची तारीख ठाऊक नसेल तर तुमच्यात वर्षाचा दिवा कधी लावतात? आत्याबाई म्हणाल्या, मन सांगेल ती तारीख धरायची. ते म्हणाले, "आणि मन सांगत नसेल तर?"

वडिलांबद्दल विचारत असावेत. त्यांचे वडील गेले तेव्हा ते इथं छावणीत होते.

मी आतल्या खोलीला चुना लावून घेतला. लिलीच्या मापाचं परकर-पोलकं दमयंतीनं शिवायला घेतलंय. माप फोटोवरून. डॉक्टरांना अजून सांगितलेलं नाही.

२७ मे १९४५

लढाई संपली. युरोपातली तरी संपली. शामकांत मास्तर तुरुंगातून सुटून आल्यापासून शाळेत वर्तमानपत्र घेतात. आज ते स्वतः दारात आले. अंक हातात होता, पण देईनात. म्हणाले, "मिलकाबाई, डॉक्टर आहेत का? नाही, नको. तुम्हीच बघा."

फोटो होते. मी तेवीस वर्षं दवाखान्यात काढली, पटकीच्या साथी बघितल्या. ते फोटो मला प्रथम कळलेच नाहीत. लाकडं रचलीत असं वाटलं.

खाली लिहिलं होतं, यहुद्यांना गाड्यांत भरून पूर्वेकडे पाठवत, आणि सांगत की तिकडे वस्तीला नेतोय.

पूर्वेकडे.

मास्तर ओसरीवर उभ्याउभ्या रडत होते. "मी त्यांना हार दिला हो. पहिल्याच दिवशी."

मी त्यांचं सांत्वन केलं नाही. मी नकाशा काढून बोट फिरवलं होतं.

२८ मे

डॉक्टरांना विचारलं. दवाखान्यात, रोगी गेल्यावर, दार लोटून.

"तुम्हाला केव्हा कळलं?"

"निरोप आला त्याच दिवशी. पूर्वेकडे म्हणजे काय, ते डिसेंबरातच पेपरात छापून आलं होतं. लहान अक्षरात, आतल्या पानावर."

"मग मला मलिदा का करू दिलात? मी गावभर वाटला. तुम्ही खाल्लात."

त्यांना इंग्रजी सुचेना, मग मराठीतच म्हणाले, "मला वाट बघता येत न्हवती. तुमी बघत हुता. आत्याबाई बघत हुत्या. त्या दोघींची कुनीतरी वाट बघतंय, हे मला बघायचं हुतं."

"माझ्या मनात एकदा असं आलं होतं की..." मी बोलायला लागले. पण पुढचं बोलवलं नाही. त्यांनी विचारलंही नाही.

आत्याबाईंना कसं सांगायचं? त्यांनी आज सकाळीच विचारलं, आता बोटी सुरू होतील ना?

११ जून

आत्याबाईंना सांगितलं. त्या म्हणाल्या, "आपण त्यांच्यातले, असं आपण म्हणत होतो. त्यांच्यावर हे चाललं होतं तेव्हा आपण इथं खिरी खात होतो." मग माझा हात धरून झोपल्या. पंचवीस वर्षांत प्रथमच.

डॉक्टर आमच्या रिवाजाप्रमाणे सात दिवस जमिनीवर शोकाला बसले नाहीत. मी सुचवून पाहिलं. "कागदावर काही नाही, मिलकाबाई. तारीख नाही, गाव नाही. कदाचित एखादी सुटली असेल. मी बसलो तर मीच त्यांना मारल्यासारखं होईल."

२० फेब्रुवारी १९४७

परवानगी मिळाली. डॉक्टर व्हिएन्नाला चालले आहेत. तिथं याद्या लावल्यात म्हणे, ज्याची त्याने नावं शोधायची. मोटारीच्या थांब्यावर सगळा गाव. त्यांच्या हातची झालेली पोरं आया पुढे करत होत्या. मुबारकबीनं भाकरी-चटणीचं गाठोडं दिलं. "साहेब, परत या. तिकडं तुमचं कोन हाय?" तिला म्हटलं, गप बस.

डॉक्टर आत्याबाईंच्या पाया पडले, मराठी माणसासारखे. मग माझ्यासमोर आले. मी हात जोडले. त्यांनी माझे जोडलेले हात दोन्ही हातांत धरले. मोटारवाला भोंगा वाजवत होता.

मी म्हणायचं ठरवलं होतं, लिली सापडली तर दोघं इथंच या. तेही म्हटलं नाही.

६ जून

पत्र आलं. घर आहे, त्यात दुसरे लोक राहतात, पडदे मात्र ग्रेटाबाईंनीच शिवलेले. याद्यांत दोघींची नावं सापडली. गाडीचा नंबर, सुटल्याची तारीख, आणि पुढे काही नाही. त्या गाडीतलं कुणी परत आलेलं नाही. शेवटी लिहिलंय: इथे मला लोक हिंदी डॉक्टर म्हणतात. मी बोलताना मध्येच 'होय' म्हणतो, त्याला हसतात. मी परत येऊ का? दवाखान्यात जागा आहे का?

त्याच दिवशी उत्तर टाकलं. जागा आहे.

१९ ऑगस्ट

उत्तराचं उत्तर नाही. राज्य बदललं, टपाल तुंबलं असेल. चावडीवर नवं निशाण लागलं. मास्तरांनी पेढे वाटले, मी घेतले. मुबारकबी दोन दिवस कामावर नव्हती. तिच्या घरी गेले तर पेटी बांधून बसलेली. "बाई, लोक म्हनत्यात तुमचा मुलूख आता दुसरीकडं हाय. म्या तर जामखेडच्या भायेर कंदी गेले न्हाई."

मी तिची पेटी सोडली आणि लुगडी परत दांडीवर टाकली. म्हटलं, कुठंतरी पाठवतो असं कुणीही सांगितलं तरी जायचं नाही. कुठंच जायचं नाही. माझा आवाज इतका चढला की शेजारपाजारचे बघायला आले.

५ नोव्हेंबर

व्हिएन्नाचा लखोटा. अक्षर डॉक्टरांचं नाही. यंत्रावर छापलेलं, जर्मन भाषेत. जामखेडात जर्मन वाचणारा एकच माणूस होता.

आत्याबाई म्हणाल्या, "येण्याची तारीख कळवली असेल." मी या वेळी काही समजून घेणार नाही. कुठलीही दिशा, कुठलाही अर्थ लावणार नाही. नगरच्या मिशनात एक म्हातारे पाद्री जर्मन जाणतात. शनिवार सरल्यावर जाईन.

९ नोव्हेंबर, नगर

पाद्रींनी चष्मा पुसून वाचलं. एका इस्पितळाचं पत्र. डॉ. फेलिक्स हाल्पर्न, वय सेहेचाळीस, फुफ्फुसाच्या विकाराने २१ जुलैला वारले. इस्पितळाच्या नियमाप्रमाणे नातेवाइकांना कळवत आहोत. आले तेव्हा कडाका होता आणि कोळसा नव्हता, असंही कुणीतरी खाली हाताने लिहिलंय.

"पण मला का कळवलं?" मी विचारलं.

त्यांनी कागदावर बोट ठेवलं. "दाखल होताना त्यांनी तुमचं नाव दिलंय. मिलका, जामखेड. पुढे एक शब्द आहे, श्वेस्टर. त्याचे दोन अर्थ होतात, बाई. नर्स आणि बहीण. तुम्ही नर्स आहात ना? तसं असेल."

"रकाना कसला आहे?"

"नातेवाइकांचा."

"त्यात दुसऱ्या कुणाचं नाव?"

"नाही. एवढंच."

"मग बहीण," मी म्हटलं.

त्यांनी पत्र घडी करून माझ्या हाती दिलं. मोटारीला अवकाश होता. तिथल्या बाकावर बसून हे लिहिते आहे. बहीण. बरोबरच आहे. दुसरं काय लिहिणार होते?

१० नोव्हेंबर, जामखेड

आत्याबाईंना सांगितलं. त्या भिंतीला धरून उठल्या, चटई गुंडाळली आणि जमीन मोकळी केली. "बस," म्हणाल्या. "भाऊ गेलाय तुझा. पदराला चीर दे."

मी पदर फाडला. मी सात दिवसांच्या तयारीनं बसले होते. त्या म्हणाल्या, "सात नाही. महिना उलटून गेल्यावर खबर आली तर तासभरच बसायचं असतं. माझ्या भावाची बसऱ्याहून आली तेव्हा मीही तासभरच बसले होते. नियमच आहे तसा."

एक तास. सहा वर्षांच्या संध्याकाळींसाठी.

दार उघडं होतं. मुबारकबी येऊन उंबऱ्याशी टेकली. शामकांत मास्तर आले, वहाणा काढून लांब, नुसत्या जमिनीवर बसले. कुणी बोललं नाही. आमच्यात शोकाला बसलेल्याने बोलल्याखेरीज दुसऱ्याने बोलायचं नसतं; त्यांना हे कुणी सांगितलं नव्हतं.

आत्याबाईंनी घड्याळ बघितलं. "झाला तास. ऊठ मिलका, पाणी पी."

मी उठले नाही.

"अगं, झाला."

"हा त्यांचा झाला," मी म्हटलं. "ते त्या दोघींसाठी बसले नाहीत, आत्याबाई. आणि आता बसणारं कुणी उरलं नाही. आता एक तास ग्रेटाबाईंचा. मग एक लिलीचा."

आत्याबाईंनी घड्याळ खाली काढून माझ्यासमोर जमिनीवर ठेवलं आणि हळूहळू, गुडघे धरून, माझ्या शेजारी बसल्या.